पहिली दोजिन्शी काढताना: आधी तारीख ठरवा, मग पानं

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: नोकरीनिमित्त तुम्ही सैतामात राहता, रात्री वेळ काढून चित्रं काढता, डोक्यात १२० पानांची एक चित्रकथा आहे आणि ती स्वतः छापून कोमिकेट या दोजिन्शींच्या मोठ्या विक्रीमेळ्यात विकायची इच्छा आहे. छपाई कशी करायची, प्रती किती काढायच्या, किंमत काय ठेवायची आणि कामचलाऊ जपानीवर हे निभेल का, असं तुम्ही विचारलंय. मी बरीच वर्षं जपानमध्ये स्वतःच्या दोजिन्शी, म्हणजे स्वतः छापून विकायची पुस्तकं, काढते आणि स्वतः टेबलामागे बसून विकते, त्या अनुभवावरून सांगते.

निभेल, नक्की निभेल. पण १२० पानांनी सुरुवात करू नका आणि कोमिकेटनेही करू नका. पहिलं पुस्तक आतल्या २४ पानांचं असू द्या, एकाच बैठकीत वाचून संपेल अशी पूर्ण गोष्ट. ती कोमितिया या दुसऱ्या मेळ्यात न्या. आणि गोष्ट लिहायला बसायच्या आधी कार्यक्रमाची तारीख पक्की करा. ज्यांच्याकडे तारीख नसते त्यांची पुस्तकं वहीतच राहतात, हे मी चांगल्या चांगल्या चित्रकारांच्या बाबतीत पाहिलंय. हात उत्तम, कल्पना उत्तम, पण पुस्तक नाही. उलट साधारण हाताची माणसं दर हंगामात एक पुस्तक काढतात आणि चार-पाच पुस्तकांनंतर त्यांचं काम ओळखू येत नाही इतकं सुधारलेलं असतं.

कोमिकेटला नाही का म्हणते, ते सांगते. कोमिकेट २१ डिसेंबर १९७५ ला तोक्योत सुरू झालं तेव्हा ३२ सर्कल (टेबल मांडून पुस्तकं विकणारे गट किंवा एकटे चित्रकार) आणि सुमारे ७०० माणसं होती. २०१९ च्या डिसेंबरात चार दिवसांत साडेसात लाख लोक आले. हल्ली ते ऑगस्टात आणि डिसेंबरअखेर तोक्यो बिग साइटमध्ये भरतं. अर्ज काही महिने आधी करावा लागतो, जागा सोडतीने मिळते आणि तिथे येणारा बहुतेक माणूस कोणत्या हॉलमधल्या कोणत्या टेबलावर जायचं हे घरूनच ठरवून आलेला असतो. प्रसिद्ध मालिकांमधल्या पात्रांवर रचलेल्या पुस्तकांचा तिथे मोठा वाटा असतो. नाव नसलेल्या माणसाच्या स्वतंत्र गोष्टीपाशी थांबायला तिथे कुणाला फारशी फुरसत नसते.

कोमितिया १९८४ पासून चालू आहे, वर्षातून चार वेळा तोक्योत भरतं आणि तिथे फक्त स्वतंत्र निर्मितीच चालते. वाचक तिथे शोधायला येतात. एक नमुना-प्रत दालन असतं, त्यात सर्कलांची नवी पुस्तकं टेबल क्रमांकासह मांडलेली असतात. लोक उभ्या उभ्या वाचतात, आवडलं की क्रमांक टिपून तुमच्या टेबलाशी येतात. नवख्या माणसासाठी याहून न्याय्य व्यवस्था मला माहीत नाही, कारण तिथे तुमचं नाव कुणी विचारत नाही, पान उलटलं जातं की नाही एवढंच दिसतं. कार्यक्रमाची पुस्तिका 'तिआझ मॅगझिन' नावाने निघते. तिच्यात आधीच्या वेळची, वाचकांनी शिफारस केलेली पुस्तकं परिचयासह छापतात. शिवाय मोठ्या प्रकाशनांचे संपादक टेबलं मांडून बसतात, त्यांना काम दाखवून मत विचारता येतं. पहिल्याच पुस्तकाला तिथे रांग लावा असं मी म्हणणार नाही, पण तिसऱ्याला जरूर लावा.

अर्ज करण्याआधी एकदा नुसतं वाचक म्हणून जाऊन या. दोन-तीन तास त्या नमुना दालनात घालवा आणि तुमच्या पुस्तकाच्या आसपासची तीन-चार पुस्तकं विकत घ्या. घरी आणून त्यांची पानं मोजा, कागद बोटांनी तपासा, शेवटच्या पानावर मुद्रकाचं नाव असतं ते टिपून घ्या. मुद्रक शोधायचा माझा हाच मार्ग आहे. जाहिराती वाचून मी कधी ठरवलं नाही.

आता पुस्तकाकडे येऊ. जपानी मुद्रक पानांची संख्या मुखपृष्ठासह मोजतात. मुखपृष्ठाच्या बाहेरच्या-आतल्या बाजू मिळून चार पानं, म्हणजे आतली २४ पानं असलेलं पुस्तक त्यांच्या दरपत्रकात २८ पानांचं. मध्ये पिना मारलेल्या बांधणीला पानसंख्या चारच्या पटीत लागते. या जाडीच्या पुस्तकाला तीच बांधणी घ्या. ते सपाट उघडतं आणि मधल्या बाजूची चित्रं गिळली जात नाहीत. गोंदाची, कणा असलेली बांधणी जाड पुस्तकासाठी ठेवा.

आणि इथे मराठी माणसाची हमखास गफलत होते ती दिशेची. संवाद जपानीत उभे असतील तर पुस्तक उजवीकडून उघडतं. आतलं पहिलं पान हे पान ३, आणि ते डाव्या हाताला येतं. त्यानंतर ४ उजवीकडे, ५ डावीकडे, अशा जोड्या. वाचक डावं पान संपवून पान उलटतो आणि त्याला आधी उजवं, सम क्रमांकाचं पान दिसतं. धक्का, रहस्य, मोठं चित्र जे काही राखून ठेवलंय ते सम पानावर पडलं पाहिजे. डाव्या पानाची शेवटची चौकट वाचकाला पान उलटायला लावणारी हवी. कच्चा आराखडा करताना छोट्या चौकोनांची ही जोड्यांची पट्टी कागदावर काढा आणि गोष्ट तिच्यावर बसवा. माझा निम्मा वेळ या पट्टीवरच जातो आणि तो वाया गेला असं मला कधी वाटलं नाही. चित्र चुकलं तर एक पान पुन्हा काढता येतं, पण उलटण्याची जागा चुकली तर पुढचं सगळंच सरकवावं लागतं.

माप बी५ घ्या, म्हणजे १८२ बाय २५७ मिलिमीटर. ए५ सुद्धा चालतं, पण पहिल्यांदा अक्षरं आणि रेषा बारीक होण्याची भीती असते. चारही बाजूंना कापण्यासाठी ३ मिलिमीटर जादा सोडा. पानाच्या कडेपर्यंत जाणारं चित्र या जादा भागातही काढायचं. संवाद मात्र कापरेषेपासून किमान सेंटीमीटरभर आत. बहुतेक मुद्रक स्वतःचे साचे फुकट देतात, तेच उघडून त्यावर काम करा. क्लिप स्टुडिओ पेंट हे चित्र काढायचं सॉफ्टवेअर वापरत असाल तर अनेक पानांची फाइल एकत्र ठेवायला त्याची ईएक्स आवृत्ती लागते.

काळ्या-पांढऱ्या पानांसाठी ६०० डीपीआय (इंचाला इतके ठिपके) आणि रंगीत मुखपृष्ठासाठी ३५० डीपीआय. छटांसाठी ठिपक्यांचा टोन वापरणार असाल तर तो पुस्तकाच्या मापातच लावा. टोन लावून झाल्यावर पान लहान-मोठं केलं की ठिपके एकमेकांशी भांडतात आणि छापल्यावर लाटांसारखे पट्टे दिसतात. पडद्यावर ते कळतही नाहीत. म्हणून पान पूर्ण झालं की शुद्ध काळं-पांढरं करून, १०० टक्के मापात पाहा. इंचाला साठ रेषांचा टोन बहुतेक यंत्रांवर सुखरूप उतरतो. अगदी फिकी छटा कागदावर उडून जाते आणि गडद छटा काळीच होते, त्यामुळे मधल्या तीन-चार छटांत भागवायला शिका. भागतं. मुखपृष्ठाचं सांगायचं तर पडद्यावरचा झगझगीत गुलाबी आणि निळा छपाईच्या चार शाईंत बसत नाही, तो मंद होतो. दोजिन्शीचे काही मुद्रक किरमिजीच्या जागी चमकता गुलाबी वापरायची सोय देतात. चेहऱ्यांचा रंग त्याने उजळतो, पण पैसे जास्त.

कागदाची वजनं तुम्हाला चक्रावतील, कारण आपण जीएसएम (चौरस मीटरला ग्रॅम) मध्ये विचार करतो आणि इथे किलोमध्ये बोलतात. ७८८ बाय १,०९१ मिलिमीटरच्या १,००० तावांचं ते वजन असतं. ९० किलो म्हणजे साधारण १०५ जीएसएम, ११० किलो म्हणजे १२८, आणि मुखपृष्ठाला नेहमी सांगतात तो १८० किलो म्हणजे सुमारे २१० जीएसएम. आतल्या पानांना पांढरा ९० किलो कागद घ्या. मागच्या पानाची शाई फारशी दिसत नाही आणि पिनांची बांधणी फुगत नाही. मुद्रक कागदाच्या नमुन्यांचा संच पाठवतात, तो मागवाच.

पानक्रमांक प्रत्येक पानावर लागतो, अगदी पूर्ण काळ्या पानावरही. चित्रावर आकडा नको असेल तर तो शिवणीच्या कडेला बारीक टाका. मुद्रकाकडे पानं लावणाऱ्याला तुमची गोष्ट वाचून क्रम लावता येत नाही. शेवटच्या पानावर पुस्तकाचं नाव, प्रकाशनाची तारीख, सर्कलचं आणि तुमचं टोपणनाव, संपर्क आणि मुद्रकाचं नाव छापायचं. संपर्कासाठी ईमेल पुरे, घरचा पत्ता अजिबात देऊ नका.

संवादांच्या भाषेबद्दल मला ठामपणे वाटतं ते हे: जपानीत करा, आणि कमी शब्दांत करा. इंग्रजी पुस्तकंही तिथे असतात, पण त्यांच्यापाशी थांबणारे कमी. तुमचं जपानी बोलण्यापुरतं असलं तरी २४ पानांचे संवाद जपानी मित्राकडून तपासून घेणं अवघड नाही, त्याचं नाव आभारात छापा. उभ्या मजकुराला फुगा उंच आणि अरुंद लागतो. आपली सवय रुंद फुग्याची असते, म्हणून फुगे काढण्याआधी मजकूर बसवून बघा. जपानी चित्रकथांमध्ये कांजी (चिनी वळणाची चिन्हं) जाड गॉथिक अक्षरांत आणि काना (उच्चार दाखवणारी अक्षरं) अँटिक नावाच्या वळणात छापायची रीत आहे. नुसता संगणकातला साधा फाँट लावला तर वाचकाला कारण न कळताही पुस्तक कच्चं वाटतं.

विषय? तुम्हाला जे आतून माहीत आहे ते. कोमितियात प्रवासाच्या, खाण्याच्या, नोकरीपेशाच्या अनुभवकथांना वाचक असतो. भारतातलं काहीतरी दाखवायचं म्हणून ताजमहाल आणि साड्या काढू नका. मुंबईच्या लोकलमध्ये चौथ्या सीटवर कसं बसतात, किंवा गावच्या एसटी स्टँडवर पहाटे चार वाजता काय चालतं, हे ज्या बारकाईने तुम्ही काढू शकता तसं त्या हॉलमध्ये दुसरं कुणी काढू शकणार नाही. आणि समजावून सांगत बसू नका. जपानी वाचक अनोळखी गोष्ट चित्रातून समजून घ्यायला तयार असतो. चौकटीखाली तळटीप आली की त्याचा गोष्टीतला श्वास तुटतो.

दुसऱ्याच्या पात्रांवर पुस्तक काढायचं असेल तर कायद्याची बाजू माहीत हवी. अशी पुस्तकं मूळ मालकांच्या सहनशीलतेवर चालतात, हक्क म्हणून नाही. पूर्वी कॉपीराइटच्या गुन्ह्याला हक्कधारकाची तक्रार आवश्यक होती. ३० डिसेंबर २०१८ पासून काही प्रकारांत ती अट काढली, पण ती मूळ काम जसंच्या तसं विकणाऱ्या चाचेगिरीसाठी. चाहत्यांच्या नव्या रचनांबाबत तक्रारीची अट कायम आहे. याचा अर्थ मालकाने तक्रार केली तर तुमच्याकडे बचाव फारसा उरत नाही. अनेक कंपन्यांनी आता स्वतःचे नियम जाहीर केलेत, ते शब्द न् शब्द वाचा. अधिकृत चिन्हं आणि लोगो वापरू नका, अधिकृत वाटेल असं काही करू नका. प्रौढांसाठीचं साहित्य हा वेगळाच प्रांत आहे. दंडसंहितेच्या कलम १७५ मुळे जननेंद्रियं झाकावी लागतात, मुखपृष्ठावर खूण लागते, ग्राहकाचं वय तपासावं लागतं आणि नियम न पाळलेली पानं मुद्रकच परत करतो. पहिल्या पुस्तकाला ही डोकेदुखी नको.

छपाई ऑफसेट की ऑन-डिमांड, या प्रश्नाचं उत्तर तुमच्या प्रतींच्या संख्येत आहे. ऑफसेटला प्लेट बनवण्याचा खर्च आधीच येतो, त्यामुळे शंभराच्या पुढे प्रती गेल्या की ती परवडते. ऑन-डिमांड म्हणजे मोठं लेझर यंत्र, २० प्रतीही निघतात. तुम्ही ३० काढा. त्यांतली एक नमुना म्हणून आयोजकांकडे जाते, एक तुम्ही ठेवता, दोन-तीन शेजाऱ्यांना आणि मदत करणाऱ्यांना जातात. उरलेल्यांपैकी पहिल्या दिवशी दहा गेल्या तरी तुमची सुरुवात चांगली झाली. दर प्रतीमागे स्वस्त पडतंय म्हणून शंभर छापण्याचा मोह होईल, त्याला बळी पडू नका. जपानी घरात सत्तर पुस्तकांच्या खोक्याला जागा नसते, आणि रोज ते खोकं बघून पुढचं पुस्तक काढायची उमेद जाते. हे मी अनेकांचं होताना पाहिलंय.

याहून साधा मार्ग म्हणजे कॉपी-बोन: कन्व्हिनियन्स स्टोअरच्या यंत्रावर झेरॉक्स काढून, घडी घालून, स्वतः पिना मारलेलं पुस्तक. काळी-पांढरी प्रत अगदी स्वस्तात पडते आणि सेवन-इलेव्हनच्या यंत्रात पानं पुस्तिकेच्या क्रमाने छापायची सोयही आहे. आठ पानांची छोटी गोष्ट अशी करून बघायला एक संध्याकाळ पुरते. साठच्या दशकात मुंबईत आपल्याकडच्या कवींनी सायक्लोस्टाइल करून लघुअनियतकालिकं हातोहात वाटली, त्या परंपरेतल्या मराठी वाचकाला हे परकं वाटू नये. जपानमध्येही साहित्यिकांची स्वतःची नियतकालिकं मेइजी काळापासून, म्हणजे एकोणिसाव्या शतकापासून, निघत आली आहेत. चित्रकथा त्या वाटेवर खूप नंतर आली.

आता तारखेचं गणित, ज्यावर सगळं उभं आहे. दोजिन्शीचे मुद्रक हायावारी म्हणजे लवकर फाइल देणाऱ्याला सूट देतात. कार्यक्रमाच्या जितकं आधी द्याल तितकी सूट मोठी, आणि शेवटच्या दिवसांत उलट जादा आकार. तुमची खरी अंतिम तारीख म्हणून ही सवलतीची तारीख धरा, कार्यक्रमाची नाही. पैसे वाचतात हा एक भाग, पण फाइलमध्ये चूक निघाली तर दुरुस्तीला वेळ राहतो हा मोठा भाग. मुद्रक फाइल तपासून जपानीत ईमेल करतो, त्याला त्याच दिवशी उत्तर द्यावं लागतं. मुदत तासावर असते. 'सकाळी १० पर्यंत' म्हणजे १० पर्यंतच. २४ पानं, आठवड्याला दोन पूर्ण पानं असा नोकरदाराचा वेग धरला तर तीन महिने, आराखड्याला एक महिना, मुखपृष्ठ आणि तपासणीला दोन आठवडे. या हिशोबाने मागे मोजत या आणि जो कार्यक्रम बसेल त्याचा अर्ज भरा. अर्जासोबत सर्कलचं छोटं चौकटीतलं चित्र लागतं, ते पुस्तिकेत छापलं जातं. त्यात एक चेहरा आणि मोठ्या अक्षरांत विषय एवढंच ठेवा.

छापलेली पुस्तकं थेट कार्यक्रमाच्या हॉलमध्ये पाठवायला मुद्रकाला सांगता येतं. सकाळी तुम्ही पोचता तेव्हा खोकं तुमच्या टेबलाखाली असतं. त्यासाठी टेबल क्रमांक अचूक कळवा. टेबल अर्धंच मिळतं, ९० सेंटीमीटर रुंद. एक कापड, पुस्तक उभं ठेवायचा स्टँड, किमतीचं मोठं कार्ड, 'नमुना' लिहिलेली एक प्रत आणि सुटे पैसे न्या. १०० आणि ५०० ची नाणी भरपूर, १,००० च्या नोटा थोड्या. किंमत शंभराच्या पटीतच ठेवा. समजा ३० प्रतींचे १२,००० येन पडले तर एक प्रत ४०० ला पडली. ती ४०० किंवा ५०० ला ठेवा. पहिल्या पुस्तकात टेबलाचं भाडं आणि प्रवास निघायची अपेक्षा धरू नका, पण छपाईच्या खाली विकूही नका. फुकटात पडलेलं पुस्तक वाचलं जात नाही, असं माझं निरीक्षण आहे.

पोचल्यावर दोन्ही बाजूंच्या शेजाऱ्यांना 'क्यो वा योरोशिकु ओनेगाइ शिमासु' (आज सांभाळून घ्या) म्हणा. संपूर्ण दिवसात लागणाऱ्या जपानीपैकी निम्मं तेवढंच. कोमिकेटमध्ये आणि इतरत्रही विकणारा, घेणारा, स्वयंसेवक हे सगळे 'सहभागी' मानले जातात. गिऱ्हाईक म्हणून कुणी येत नाही आणि दुकानदार म्हणून तुम्ही बसलेले नसता. वाचक नमुना उचलून 'मिते मो इइ देसु का' (बघू का?) विचारेल. 'दोझो' (बघा ना) म्हणा आणि गप्प बसा. हाका मारणं, तोंडावर बघत राहणं, गोष्ट समजावणं यातलं काही नको. तो शेवटपर्यंत वाचून ठेवून देईल, आभार मानून जाईल. वाईट वाटून घेऊ नका, पुष्कळ जण पूर्ण फेरी मारून दुपारी परत येतात. कुठल्या पानावर हात थांबला आणि कुठे पानं भराभर उलटली हे मात्र नीट बघा. याच्याइतकी खरी समीक्षा तुम्हाला कुणी तोंडाने सांगणार नाही. एकटे असाल तर टेबल सोडताना 'थोड्या वेळात येते' अशी चिठ्ठी ठेवा आणि पैसे सोबत घ्या.

उरलेल्या प्रती हॉलमधूनच कुरिअरने घरी पाठवता येतात, आणि नंतर विकायला बूथ हे पिक्सिव्ह या चित्रकारांच्या संकेतस्थळाचं ऑनलाइन दुकान पुरे. तिथे छापील पुस्तकाबरोबर पीडीएफही ठेवता येतं, त्यामुळे पुण्या-मुंबईतल्या मित्रांना टपालखर्चाशिवाय वाचायला मिळतं. तोरानोआना किंवा मेलनबुक्ससारख्या दोजिन्शी विकणाऱ्या दुकानांकडे ठेवायला देणं दहा-वीस प्रतींसाठी आवश्यक नाही, ते किमतीतला बराच भाग घेतात.

राहता राहिला व्हिसा आणि कर. नोकरीच्या व्हिसावर त्या कामाबाहेरच्या कमाईला वेगळी परवानगी लागू शकते, म्हणून अर्ज भरण्याआधी इमिग्रेशन कार्यालयात तुमच्या बाबतीत काय लागतं ते विचारा, आणि कंपनीचे जोडधंद्याचे नियमही बघा. पगारदाराचं इतर उत्पन्न, खर्च वजा जाता, वर्षाला २ लाख येनच्या आत असेल तर साधारणपणे आयकराचं विवरण भरावं लागत नाही. पण रहिवासी कराला ही सूट नाही, त्याची नोंद तुमच्या नगरपालिकेत करावी लागते. ३० प्रतींवर नफा होण्याची शक्यता कमीच, तरी मुद्रकाचं बिल, टेबलाच्या भाड्याची पावती आणि किती प्रती कितीला गेल्या याची नोंद एका पाकिटात ठेवून द्या.